पेशवे पानिपत जिंकले असते, तर त्या जगात आपण कुठे असतो?



खडवलीत आम्ही काही कार्यकर्ते दर रविवारी विहारात अभ्यासवर्ग घेतो. दहा-बारा मुलंमुली येतात. बहुतेक जण कल्याण-उल्हासनगरला कॉलेजात जातात आणि कसारा लोकलमध्ये उभ्यानं मोबाईलवर मालिका बघतात. मागच्या पावसाळ्यात वर्ग सुरू होण्याआधी दोन मुलांचा वाद रंगला होता. 'लोकी' मालिकेत काळाला फुटलेला प्रत्येक फाटा खरा मानायचा की नाही, यावर. आम्ही हसत ऐकत होतो. तेवढ्यात अकरावीतली एक मुलगी बोलली. आमच्या वर्गात सीबीएसई शाळेत जाणारी ती एकटीच. म्हणाली, "दादा, आमच्या इंग्रजीच्या पुस्तकातही असाच धडा आहे. त्यात मराठे पानिपत जिंकतात. मी सरांना विचारलं, त्या जगात आपण कुठे असू? सर म्हणाले, परीक्षेत येणार नाही ते विचारू नकोस."

सरांना दोष देऊन आम्ही मोकळे होऊ शकलो असतो. पण त्या रविवारी आमच्याकडेही धड उत्तर नव्हतं. ते शोधताना जे वाचलं, जे पाहिलं, ते इथे मांडतो आहोत.

तो धडा म्हणजे डॉ. जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा. एनसीईआरटीच्या अकरावीच्या 'हॉर्नबिल' पुस्तकात तिचं इंग्रजी रूप 'दि ॲडव्हेंचर' या नावानं आलं. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघातानंतर दुसऱ्याच विश्वात पोचतात. आपल्या इतिहासात १४ जानेवारी १७६१ ला पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली. त्या जगात ती गोळी तिळभर अंतरानं चुकते. लढाई मराठे जिंकतात, ईस्ट इंडिया कंपनी मुंबई-कलकत्त्यासारख्या तुकड्यांपुरती उरते, पुण्याचे पेशवे विज्ञानाची केंद्रं उभारतात आणि पुढे विसाव्या शतकात लोकशाही येते. गंगाधरपंत जिजामाता एक्स्प्रेसनं पुण्याहून मुंबईला निघतात. आमच्या मुलांना सगळ्यात गंमत वाटली ती ही, की ती गाडी कल्याण स्टेशनातून न थांबता धडधडत निघून जाते. एकानं लगेच विचारलं, "म्हणजे तिकडेही आपल्याला लोकलच?"

नारळीकरांबद्दल आमच्या मनात आदर आहे, हे आधी सांगतो. मे २०२५ मध्ये ते गेले, तेव्हा आम्ही वर्गात त्यांना आदरांजली वाहिली. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी कथा पाठवली ती 'नारायण विनायक जगताप' या नावानं, का तर आपलं नाव बघून कुणी बक्षीस देऊ नये. आडनाव बदललं की वाचणाऱ्याची नजर बदलते, हे आपल्या लोकांना वेगळं सांगायला नको. डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि इतर सहकाऱ्यांबरोबर त्यांनी ज्योतिषाची संख्याशास्त्रीय चाचणीही घेतली होती. सत्तावीस ज्योतिषी त्यात उतरले आणि सरासरीनं त्यांची निम्मीही उत्तरं बरोबर आली नाहीत. तेव्हा हा माणूस पेशवाईचे पोवाडे गाणारा होता, असं म्हणणं अन्याय होईल. त्यांना कथेतून विज्ञान सांगायचं होतं. १९५७ मध्ये ह्यू एव्हरेट या अमेरिकन तरुणानं आपल्या प्रबंधात मांडलं की सूक्ष्म कणांच्या पातळीवर जितक्या शक्यता असतात, त्या सगळ्याच आपापल्या शाखेत घडत असतात. समांतर विश्वांच्या बहुतेक कथांना पुढे याच कल्पनेचा आधार मिळाला. नारळीकरांनी ती आपल्या ओळखीच्या लढाईवर बसवून दाखवली.

प्रश्न इथेच सुरू होतो. ही 'आपली ओळखीची लढाई' नेमकी कुणाची ओळखीची?

समांतर विश्वाची गोष्ट लिहिताना लेखकाला पहिलं काम करावं लागतं ते फाटा कुठे फोडायचा हे ठरवण्याचं. इतिहासातला एक क्षण निवडायचा आणि म्हणायचं, इथे वेगळं झालं असतं तर. हा क्षण विज्ञान निवडून देत नाही. लेखकाला लहानपणापासून ज्याची हळहळ लागलेली असते, तो क्षण तो निवडतो. महाराष्ट्रातल्या शिकलेल्या उच्चवर्णीय घरांत पिढ्यानपिढ्या पानिपताची हळहळ होती. 'पानिपत झालं' हा आपल्या भाषेत वाक्प्रचारच होऊन बसला. पण महारवाड्यात, मांगवाड्यात पानिपताची हळहळ कोण करत होतं? तिथे हळहळायला वेगळ्या गोष्टी होत्या.

त्या कोणत्या, हे आपल्याला एका मुलीनंच सांगून ठेवलं आहे. मुक्ता साळवे जोतीराव-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकणारी, वय चौदाच्या आसपास. १८५५ साली तिचा मांग-महारांच्या दुःखाविषयीचा निबंध 'ज्ञानोदय'मध्ये छापून आला. बाजीरावाच्या राज्यात मांग-महार तालीमखान्यापुढून गेला, तर त्याचं डोकं कापून गुलटेकडीच्या मैदानात त्याचा चेंडू करून खेळत, असं तिनं लिहिलं. इमारतींच्या पायात आपल्या लोकांना पुरत, हेही लिहिलं. तेव्हा पेशवाई बुडून चाळीस वर्षंसुद्धा झाली नव्हती. म्हणजे हे तिनं घरातल्या म्हाताऱ्यांकडून ऐकलेलं असणार. पुढे १९३६ साली बाबासाहेबांनी 'ॲनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये पेशव्यांच्या पुण्याचा दाखला दिला. गळ्यात थुंकीसाठी मडकं, कमरेला पाऊलखुणा पुसणारा झाडू, ओळख पटावी म्हणून काळा दोरा.

आता विश्वासरावांच्या कानाजवळून गेलेल्या गोळीकडे परत या. ती गोळी चुकते, पेशवे आणखी दीडशे वर्षं राज्य करतात, विज्ञानकेंद्रं काढतात. त्या केंद्रात प्रवेश कुणाला? झाडू बांधलेल्या माणसाला प्रयोगशाळेच्या दारापर्यंत तरी येऊ देतील का? धड्यात याचं उत्तर नाही. महार, मांग, चांभार हे शब्दच त्यात नाहीत. लेखकानं मुद्दाम लपवलं असं आम्ही म्हणत नाही. त्याला तो प्रश्न पडलाच नाही. आमच्या अकरावीच्या मुलीला मात्र पहिल्याच वाचनात पडला. दोघांच्या बुद्धीत कमी-जास्त आहे म्हणून हे झालं का? दोघं उभे कुठे आहेत, एवढाच फरक.

आणि ती लोकशाही! कथेत ती पश्चिमेच्या प्रेरणेनं येते आणि पेशवे हळूहळू बाजूला होतात. इतकं सोपं? ४ नोव्हेंबर १९४८ ला संविधान सभेत बाबासाहेबांनी बजावलं होतं की या देशाची जमीन मुळात लोकशाहीची नाही, लोकशाही हा वरवरचा थर आहे. महाडला २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्याचं पाणी प्यावं लागलं, तेव्हा कुठे थोडी माती उकरली गेली. ज्या जगात १८४८ ची भिडेवाड्यातली शाळा नाही, तिथे महाड कुठून येणार? आणि महाडशिवाय आलेल्या मतदानात गावकुसाबाहेरच्या माणसाचं मत कुणी मोजलं असतं?

इथे एक आडवळण घेतलंच पाहिजे, नाहीतर कुणीतरी म्हणेल, तुम्ही इंग्रजांचे गोडवे गाता. गोडवे नाहीत. १ जानेवारी १८१८ ला कोरेगाव भीमाला लढलेल्या महार सैनिकांची नावं कंपनीनं स्तंभावर कोरली हे खरं, आणि त्याच इंग्रजांनी १८९० च्या दशकात महारांना सैन्याची दारं बंद केली हेही खरं. त्याविरुद्ध अर्ज-विनंत्या करायला गोपाळबाबा वलंगकरांसारख्या निवृत्त सैनिकालाच पुढे यावं लागलं. कंपनीनं आपल्या गरजेपुरती फट उघडली, गरज संपताच बंद केली. आपल्या माणसांनी त्या फटीत पाय अडकवून ठेवला. सुभेदार रामजींचा मुलगा शाळेत गेला तो त्या अडकवलेल्या पायामुळे.

आता टीव्हीकडे. आमच्या पिढीनं 'शक्तिमान' आणि 'कॅप्टन व्योम' पाहिलं. समांतर विश्व वगैरे आम्हाला फार उशिरा कळलं. पण टीव्हीवर ही कल्पना गाजवली ती अमेरिकेच्या 'स्टार ट्रेक'नं. ६ ऑक्टोबर १९६७ ला तिचा 'मिरर, मिरर' हा भाग प्रसारित झाला. त्यात यानातले चार जण चुकून आरशातल्यासारख्या उलट्या विश्वात जातात. तिथे तेच यान, तेच चेहरे, पण राज्य दहशतीचं आणि वरच्याला मारून बढती मिळवायची. त्या चौघांत लेफ्टनंट उहुरा होती. ती भूमिका करणाऱ्या निशेल निकोल्स या कृष्णवर्णीय अभिनेत्रीनं पहिल्या हंगामानंतर मालिका सोडायचं ठरवलं होतं. डॉ. मार्टिन ल्यूथर किंग तिला एका कार्यक्रमात भेटले आणि म्हणाले, सोडू नकोस. हा किस्सा तिनं स्वतः अनेकदा सांगितला आहे. किंग यांच्यासारखा माणूस एका टीव्ही मालिकेसाठी अडून का बसतो? भविष्याच्या चित्रात आपला माणूस हुकूम देणाऱ्या खुर्चीजवळ दिसणं, हे त्यांच्या लेखी चळवळीचंच काम होतं.

या आरशातल्या विश्वाचं पुढे काय झालं, ते आणखी शिकवणारं आहे. १९९४ मध्ये 'डीप स्पेस नाइन' या पुढच्या मालिकेत ते विश्व पुन्हा दाखवलं. मधल्या काळात तिथलं मानवी साम्राज्य कोसळलेलं असतं आणि ज्यांच्यावर माणसांनी जुलूम केला, त्यांनी माणसांना गुलाम केलेलं असतं. वरचे खाली, खालचे वर, उतरंड जागच्या जागी. 'आपलं राज्य आलं की बघून घेऊ' असं म्हणणाऱ्या आपल्याच काही मित्रांना आम्ही हा भाग मुद्दाम दाखवला. एक जण चिडला. त्याचं म्हणणं, दोन-अडीच हजार वर्षं सोसलेल्यांना हा उपदेश कशाला? त्याच्या चिडण्यात तथ्य आहे. पण बाबासाहेबांनी जिला श्रेणीबद्ध विषमता म्हटलं, ती माणसं बदलून जात नाही, हेही त्याला मान्य करावं लागलं.

'लोकी'वर मात्र आमचा अख्खा रविवार गेला. २०२१ ची ही मालिका मुलांना पाठ आहे. त्यात काळावर पहारा देणारं एक सरकारी कार्यालय आहे. एकच कालरेषा 'पवित्र', बाकी कुणी वेगळं वागून फाटा फोडला की तो गुन्हा. फाटा छाटायचा, माणूस मिटवायचा. पहिल्याच भागात एकाकडे रांगेचं टोकन नसतं, तर त्याला जागच्या जागी मिटवतात. जातीच्या दाखल्यासाठी खेपा घातलेल्या आमच्या मुलांना तो प्रसंग विनोदी वाटला नाही.

पुढे कळतं की या व्यवस्थेचे देवासारखे तीन कालरक्षक म्हणजे नुसते यंत्राचे पुतळे. त्यामागे दुसराच एक माणूस आहे. तिथे राबणारे सगळे कर्मचारीसुद्धा मुळात पकडून आणलेले, आठवणी पुसलेले लोक. आपणही त्याच गुन्ह्याचे आरोपी होतो, हे ठाऊक नसताना ते दुसऱ्यांना पकडून आणतात. आता सांगा, हे कुठे पाहिलंय? एकच व्यवस्था पवित्र आणि सनातन, तिच्याबाहेर पाऊल टाकणारा बाटलेला, आणि पहारेकऱ्याच्या कामावर नेमलेली जातही खालचीच. बाबासाहेब 'ॲनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये सहभोजनं आणि मिश्रविवाह यांच्याही पुढे जाऊन शास्त्रांच्या पावित्र्यावर का बोट ठेवतात, हे आमच्या मुलांना त्या दिवशी लवकर उमगलं.

सिल्वी नावाच्या मुलीला तर लहानपणी खेळता खेळता उचलून नेतात. मोठेपणी ती अधिकारी बाईला विचारते, माझा गुन्हा काय होता? बाईला आठवत नाही. या जागी आमची अकरावीतली मुलगी म्हणाली, "मडकं बांधणाऱ्यांना तरी कुठे आठवत असेल?"

अमेरिकेतल्या एका मालिकेनं मात्र फाट्याची जागाच बदलली. २०१९ च्या 'वॉचमेन'मध्ये जग काल्पनिक आहे, राष्ट्राध्यक्ष काल्पनिक आहे, पण सुरुवात होते ती खऱ्या घटनेनं. ३१ मे आणि १ जून १९२१ ला तुल्सा शहरातली कृष्णवर्णीयांची भरभराटीची ग्रीनवुड वस्ती गोऱ्या जमावानं जाळली. मालिका पाहून कित्येक अमेरिकन प्रेक्षकांना हे प्रथमच कळलं, काहींना तर ती लेखकाची कल्पनाच वाटली. खरा इतिहास इतका पुरलेला असतो की तो दाखवला तर विज्ञानकथा वाटते. १८७३ मध्ये जोतीरावांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामीविरुद्ध लढलेल्या लोकांना अर्पण केली होती. त्यांना हे नातं दीडशे वर्षांपूर्वी दिसलं. मराठी किंवा हिंदी टीव्हीवर जातीच्या प्रश्नावरून फाटा फोडणारी विज्ञानमालिका आमच्या तरी पाहण्यात नाही.

मग आम्ही मुलांना सांगितलं, तुम्ही फोडा फाटा. एक वही करा, आपल्या इतिहासातला एक क्षण निवडा आणि लिहा.

निम्म्या वह्या १९३२ वर आल्या. ऑगस्टमध्ये जातीय निवाडा जाहीर झाला, त्यात अस्पृश्यांना प्रांतिक कायदेमंडळांत ७१ जागा, स्वतंत्र मतदारसंघ आणि वर सर्वसाधारण मतदारसंघातही मत, असे दोन मतांचे हक्क होते. २० सप्टेंबरला येरवड्यात गांधींचं उपोषण सुरू झालं, २४ ला पुणे करार झाला. जागा १४८ झाल्या, दुसरं मत गेलं. वाढलेल्या जागांनी त्या दुसऱ्या मताची भरपाई होऊ शकत नाही, असं बाबासाहेबांनी पुढे १९४५ च्या ग्रंथात स्पष्ट लिहिलं. दुसऱ्या मतामुळे सवर्ण उमेदवारालाही अस्पृश्यांच्या दारात यावं लागलं असतं, हा त्यांचा युक्तिवाद. म्हणजे 'असं झालं असतं तर' हा प्रश्न बाबासाहेबांनी स्वतःच विचारला आहे, हिशेब मांडून. मुलांनी मात्र हिशेब न मांडता थेट लिहिलं, करार झाला नसता तर आज आपला पंतप्रधान असता. आम्ही विचारलं, उपोषणात गांधींचं काही बरंवाईट झालं असतं, तर गावोगाव दहा-वीस घरांच्या वस्त्यांचं काय झालं असतं? त्या रात्री महारवाड्याचं दार कुणी राखलं असतं? वर्ग गप्प झाला. बाबासाहेबांच्या खांद्यावर त्या चार दिवसांत काय ओझं होतं, ते भाषणांतून कळलं नव्हतं, वहीतून कळलं.

दुसरे वीर १९५६ वाले. बाबासाहेब ६ डिसेंबरला गेले नसते, १६ डिसेंबरला ठरलेला मुंबईचा धम्मदीक्षेचा सोहळा त्यांच्या हातून झाला असता, आणखी दहा वर्षं लाभली असती, तर रिपब्लिकन पक्ष फुटला नसता. हे वाचून आमचेही डोळे भरले, खोटं का बोला. पण ही आपली गंगाधरपंतगिरीच झाली. त्यांची भिस्त विश्वासरावांच्या गोळीवर, आपली एका हृदयाच्या ठोक्यावर. १८ जानेवारी १९४३ रोजी पुण्यात गोखले स्मारक सभागृहात न्या. रानड्यांवर बोलताना बाबासाहेबांनी याच प्रश्नाचा काथ्याकूट केला होता. इतिहास थोर माणसं घडवतात की परिस्थितीची शक्ती? त्यांनी दोन्ही टोकं नाकारली. गारगोटी असल्याशिवाय ठिणगी नाही, पण गारगोटीवर गारगोटी घासायला माणूस लागतोच, असा त्यांचा आशय. आणि त्याच भाषणात त्यांनी विभूतिपूजेवर कोरडे ओढले. १९५६ नंतर पक्ष फुटला तो घासणारे हात आपसात भांडले म्हणून, हे लिहायला एकाही वहीत जागा नव्हती. आम्ही ती समासात लिहिली.

एकानं काहीच फाटा फोडला नाही. त्यानं लिहिलं, दुसरं विश्व शोधायला लांब कशाला जायचं, भातसा बघा. भातसा नदी आमच्या खडवलीवरून वाहते, सुट्टीच्या दिवशी मुंबईकर इथे डुंबायला येतात. वर शहापूर तालुक्यात तिच्यावर धरण आहे, त्याचं पाणी मुंबईला जातं, आणि त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकरची वाट बघतात. एका नदीच्या काठी दोन जगं. २५ नोव्हेंबर १९४९ ला बाबासाहेबांनी संविधान सभेत सांगितलं होतं की येत्या २६ जानेवारीपासून आपण विसंगतीच्या जीवनात प्रवेश करतो आहोत, राजकारणात समता आणि सामाजिक-आर्थिक जीवनात विषमता. या मुलानं ते भाषण वाचलेलं नव्हतं. त्याच्या आजीचं घर धरणाच्या बाजूला आहे, एवढंच.

आणि ती मुलगी? तिनं वही दोन रविवार उशिरा दिली. तिचा फाटा १८५५ मध्ये आहे. 'ज्ञानोदय'मधल्या त्या एका निबंधानंतर मुक्ता साळवेचं दुसरं लिखाण आपल्या हाती आलेलं नाही. या मुलीनं राजा बदलला नाही, लढाई बदलली नाही, करार बदलला नाही. तिच्या विश्वात मुक्ता लिहीत राहते. वहीच्या पहिल्या पानावर ठळक अक्षरांत मथळा आहे, 'मुक्ताचा दुसरा निबंध', आणि खाली साडेतीन पानं मजकूर. साडेतिसऱ्या पानावर वाक्य अर्धवट आहे. विचारलं तर म्हणाली, "टिटवाळा गेलं, उतरायचं होतं. पुढचं येत्या रविवारी."